निःशस्त्राचे चार क्षण

खेळांविषयीं वडील माणसांचें मत बहुधा एकाच ठशाचें असतें. आपल्या लहानपणीं आपण जे खेळ खेळलों ते सारे शरीरास व बुद्धीस हितकर, आणि पुढच्या पिढीनें जे काढले ते कालाचा अपव्यय करणारे, हा निवाडा प्रत्येक पिढी मागच्या पिढीकडून जसाच्या तसा उचलते. आमच्या आजोबांचा पत्त्यांवर कटाक्ष होता, वडिलांचा क्रिकेटवर होता, आणि आज घरोघरच्या मुलांच्या संगणकावरील खेळांवर आमचा आहे. हा निवाडा खरा कीं खोटा हें ठरविण्याचा साधा मार्ग म्हणजे त्या खेळाचे नियम समजून घेणें. पूर्वपक्ष नीट मांडल्यावांचून उत्तरपक्षास उभें राहतां येत नाहीं, असा आपल्या शास्त्रांचा शिरस्ता आहे. आणि ज्यानें सारें आयुष्य संस्कृत शिकविण्यांत घालविलें त्यानें तो मोडणें शोभलें नसतें. म्हणून गेल्या दोन वर्षांत माझा नातू व पुतण्याची मुलगी या दोघांस समोर बसवून मीं त्यांच्या आवडत्या खेळाचें रीतसर अध्ययन केलें. त्यांतील एका लहानशा नियमानें मला पुष्कळ दिवस विचार करावयास लावलें. तो नियम असा कीं, शत्रूचें शस्त्र कांहीं क्षण निरुपयोगी करून टाकावें. बाकीचा शत्रु मात्र आहे तसाच मोकळा राहूं द्यावा.

खेळाचें नांव ‘डोटा २’. मूळचा हा ‘वॉरक्राफ्ट ३’ नामक दुसऱ्याच एका खेळाच्या पोटांत हौशी मंडळींनीं २००३ सालीं रचलेला उपखेळ. पुढें व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीनें त्याची स्वतंत्र आवृत्ति तयार करून २०१३ सालीं ती सर्वांस खुली केली. दोन्ही बाजूंस पांच-पांच खेळाडू. शंभराहून अधिक वीरांतून प्रत्येकानें एक निवडावयाचा. रणांगण चौकोनी, त्यांतून तीन वाटा, समोरासमोरच्या दोन कोपऱ्यांत दोन पक्षांचीं ठाणीं. शत्रूच्या ठाण्यांतील ‘एन्शंट’ नांवाची मुख्य वास्तु पाडली कीं डाव जिंकला. वाटेंत सैनिक मारून सोनें मिळवावें, सोन्यानें शस्त्रें व इतर साधनें विकत घ्यावीं, आणि पुढें सरकावें. एक डाव बहुधा अर्धा-पाऊण तास चालतो.

पोरखेळ म्हणून हें हंसण्यावारी न्यावें, तर २०११ सालीं जर्मनींतील कोलोन शहरीं याचे जे पहिले मोठे सामने झाले त्यांत विजयी संघास दहा लक्ष डॉलर मिळाले. २०२१ सालीं बुखारेस्ट येथील सामन्यांचा एकूण बक्षीसनिधि चार कोटि डॉलरांवर गेला. २०२२ सालीं बर्मिंगहॅम येथें राष्ट्रकुलाच्या ई-क्रीडा सामन्यांत आपल्या भारतीय संघानें याच खेळांत कांस्यपदक मिळविलें, आणि २०२३ सालच्या हांगचौ येथील आशियाई क्रीडास्पर्धांत तर या खेळास पदकांच्या यादींतच स्थान होतें. पैशाचा आंकडा हें गुणाचें प्रमाण नव्हे, हें मी जाणतों. परंतु ज्या गोष्टीवर जगांतील हजारो तरुण आपली बुद्धि पणास लावतात, ती निदान पाहण्याजोगी तरी असलीच पाहिजे.

वीराच्या हातीं दोन प्रकारचीं साधनें असतात. पहिलें त्याचा मूळ प्रहार. कोणाची तरवार, कोणाचा परशु, कोणाचा बाण. त्याला मंत्रबळ खर्चावें लागत नाहीं, विश्रांति घ्यावी लागत नाहीं. शत्रु टप्प्यांत आहे तोंवर हात चालूच राहतो. दुसरें साधन विद्या. त्या प्रत्येक वीरास मोजक्याच असतात. बहुतेक विद्यांच्या प्रयोगास मंत्रबळ लागतें, आणि एकदां प्रयोग केला म्हणजे पुन्हां करण्यापूर्वीं ठराविक काळ थांबावें लागतें. डावाच्या आरंभीं विद्यावंतांचें प्राबल्य असतें. परंतु सोनें जसजसें साठत जातें तसतसा मूळ प्रहार वाढत जातो, आणि विद्येचा जोर मात्र बहुतांशीं ठरल्या मर्यादेपाशीं थांबतो. म्हणून प्रत्येक संघ आपल्या पांचांपैकीं एकास सोन्यावर पोसतो. बाकीचे, विशेषतः शेवटचे दोघे, पोटाला चिमटा घेऊन त्याला वाढवितात. हेतु हा कीं, डाव लांबला म्हणजे त्या एकानें शत्रूचा फडशा पाडावा. मुलें त्याला ‘कॅरी’ म्हणतात, म्हणजे सर्वांचा भार वाहणारा. ‘कर्ता पुरुष’ हा आपल्या घरोघरचा शब्द मला त्याला फार चपखल वाटला.

आतां अशा कर्त्या पुरुषास अडवावें कसें? खेळाच्या रचनाकारांनीं त्यासाठीं अडथळ्यांची एक सबंध माळच केली आहे. ‘स्टन’ म्हणजे संपूर्ण स्तंभन. हात, पाय, वाचा सर्वच बंद. ‘हेक्स’ म्हणजे वीराचा घटकाभर बेडूक किंवा डुक्कर होणें; तो दुडूदुडू चालूं शकतो, पण दुसरें कांहीं करूं शकत नाहीं. ‘रूट’ म्हणजे पाय जखडणें. ‘सायलेन्स’ म्हणजे वाचाबंदी. मंत्र म्हणतां येत नाहीं, परंतु हात मोकळा. आणि या वाचाबंदीचें आरशांतलें प्रतिबिंब म्हणजे ‘डिसआर्म’. यांत पाय चालतात, विद्या चालतात, झोळींतलीं साधनें चालतात. केवळ शस्त्र उगारतां येत नाहीं. व्याकरणांत उत्सर्ग म्हणजे सर्वसाधारण नियम, आणि त्याला नेमक्या जागीं अडविणारा तो अपवाद. अपवाद सर्व नियमांस खात नाहीं; जेवढें क्षेत्र त्याचें तेवढेंच व्यापतो. स्तंभन हा सरसकट प्रलय आहे. डिसआर्म हा शुद्ध अपवाद आहे. मला तो आवडला तो या नेमकेपणामुळेंच.

हा प्रयोग करण्याचीं साधनें मोजकीं आहेत. ‘हेवन्स हॅलबर्ड’ नांवाचें, परशूचें पातें लावलेल्या भाल्यासारखें एक आयुध विकत मिळतें. तें एका शत्रूवर रोखलें कीं त्याचा हात कांहीं क्षण थिजतो. या खेळाचे नियम वरचेवर बदलतात, परंतु वर्षानुवर्षें असा संकेत होता कीं जवळून लढणाऱ्यापेक्षां दुरून बाण मारणाऱ्याचा हात अधिक काळ थिजावा. ‘हस्कर’ नांवाचा वीर आपल्या अग्नीच्या स्फोटानें भोंवतालच्या शत्रूंस मागें फेंकतो व निःशस्त्रहि करतो. ‘इन्व्होकर’ हा तर माझ्या विशेष प्रीतीचा. त्याच्यापाशीं तीन मूलतत्त्वें असतात. एका वेळीं तीन घ्यावयाचीं, पुनरुक्ति चालते, क्रमाला महत्त्व नाहीं. हिशेब केला तर बरोबर दहा मिश्रणें होतात, व तितक्याच त्याच्या विद्या आहेत. तिन्ही तत्त्वें एकेकदां घेऊन जी विद्या होते तिची लाट वाटेंतील सर्वच शत्रूंस मागें लोटते आणि त्यांचीं शस्त्रें मुकीं करते. छंदःशास्त्रांतील प्रस्तार शिकविणाऱ्या मास्तरास यापरतें दुसरें उदाहरण तें काय हवें!

या एका नियमानें सामन्यांचें स्वरूप कसें घडतें हें मुलांनीं मला डाव थांबवून थांबवून दाखविलें. पहिला परिणाम निवडीवर होतो. दोन्ही संघ आळीपाळीनें वीर निवडतात. एका संघानें असा कर्ता निवडला कीं ज्याचें सर्व सामर्थ्य एकट्या प्रहारांत आहे, तर दुसरा संघ लगेच निःशस्त्र करणारा वीर उचलतो, किंवा पुढें हॅलबर्ड घेण्याचें मनांत ठरवून ठेवतो. म्हणून जाणते खेळाडू केवळ हाताच्या बळावर विसंबणारा वीर निवडतांना दहादां विचार करतात.

दुसरा परिणाम खरेदीवर होतो. ‘ब्लॅक किंग बार’ नांवाचें साधन आहे. तें वेळेवर चालविलें तर कांहीं क्षण शत्रूच्या बहुतेक विद्या अंगास लागत नाहींत, आणि हॅलबर्डचा प्रयोगहि लागू पडत नाहीं. ‘लिंकन्स स्फिअर’ नांवाचें दुसरें साधन आपल्यावर रोखलेला एक प्रयोग परस्पर गिळून टाकतें. दोन्ही महाग. प्रहार वाढविण्यासाठीं जें सोनें खर्चावयाचें तें अशा रीतीनें संरक्षणावर जातें. शत्रूच्या झोळींत हॅलबर्ड आहे एवढी वार्ताच कर्त्या पुरुषाचा वेग मंद करते. प्रयोग एकदांहि न करतां निम्मा परिणाम झालेला असतो!

येथें एक गंमत सांगण्यासारखी आहे. हॅलबर्ड बाळगणाऱ्यावर होणारे कांहीं प्रहार आपोआप चुकतात. या चुकण्यावर ‘मंकी किंग बार’ हा उतारा आहे. तो घेतला म्हणजे नेम बहुतांशीं चुकेनासा होतो. परंतु हात उचलतांच येत नसेल तर अचूक नेम घेऊन काय करावें? नेम चुकणें आणि प्रहारच न होणें हे दोन निराळे रोग आहेत, व एकाचें औषध दुसऱ्यास लागत नाहीं. नवशिके खेळाडू येथें फसतात असें माझा नातू म्हणतो.

तिसरा परिणाम काळावर. मोठी चकमक कित्येकदां आठ-दहा सेकंदांत निकालास लागते. त्यांतले चार सेकंद गेले म्हणजे निम्मी लढाई गेली. म्हणून निःशस्त्र करणारा आपलें आयुध लवकर चालवीत नाहीं. तो वाट पाहतो. शत्रूचें कवच उतरलें, त्यानें पहिला वार करण्यास हात उचलला, कीं मग. आणि विशेष हें कीं, हॅलबर्ड बहुधा संघांतला तिसऱ्या क्रमांकाचा, धट्टाकट्टा पण बेताचा धनी असा गडी बाळगतो. सर्वांत श्रीमंत वीराचा हात त्याच्याहून गरीब माणूस धरूं शकतो. हा नियम नसता तर ज्यानें अधिक सोनें सांचविलें त्यानें जिंकलें असें होऊन डावांत पाहण्यासारखें कांहीं उरलें नसतें.

निःशस्त्र होणें ही नेहमीं हानिच असते असेंहि नाहीं. ‘ऑरॅकल’ नांवाच्या दैवज्ञापाशीं एक आज्ञा आहे. ती ज्याच्यावर सोडावी तो निःशस्त्र होतो, परंतु तेवढ्या काळांत मारक विद्येपासून त्याला अभय मिळत असे, अशी तिची वर्षानुवर्षांची रचना आहे. म्हणून जाणता खेळाडू ती शत्रूवरहि सोडतो आणि संकटांतल्या मित्रावरहि. ‘घोस्ट सेप्टर’ हातीं घेणारा तर आपण होऊन आपला प्रहार सोडतो, व त्या मोबदल्यांत शत्रूची तरवार त्याच्या अंगांतून पोकळींतून जावी तशी जाते. मात्र विद्येचा मार त्याला अधिक लागतो. ‘लीग ऑफ लेजंड्स’ या दुसऱ्या प्रसिद्ध खेळांत शुद्ध निःशस्त्रीकरणाला इतकें स्थान नाहीं. तेथें टीमो नांवाचा चिमुकला वीर शत्रूला आंधळें करतो. शत्रूचा हात चालतो, वार मात्र वाया जातात. अमुमू नांवाच्या वीराच्या महाविद्येनें पूर्वीं शत्रूचे हातपाय बांधले जात व वाचा मोकळी राही. पुढें नियम बदलून तिचें साधें स्तंभन केलें गेलें. एकूण, नेमका अपवाद सांभाळण्यापेक्षां सरसकट बंदी सोपी, हा अनुभव तेथेंहि आलेला दिसतो.

महाभारताच्या वाचकांस हें सर्व परकें वाटण्याचें कारण नाहीं. कर्णाच्या रथाचें चाक भूमीनें गिळलें, आणि परशुरामाच्या शापानें ऐन वेळीं त्याचा अस्त्रमंत्र स्मृतींतून गेला. मुलांच्या भाषेंत हे ‘रूट’ आणि ‘सायलेन्स’. धनुष्य मात्र त्याच्या हातीं राहिलें होतें. विराटपर्वांत अर्जुनानें संमोहनास्त्रानें कौरवसेनेचें भान हरपविलें तें ‘स्टन’. पण शुद्ध निःशस्त्रता पाहावयाची तर द्रोणपर्व उघडावें. पुत्र गेला असें ऐकून द्रोणांनीं शस्त्र खालीं ठेवलें, आणि तेवढ्या अवकाशांत त्यांचा घात झाला. पुढें अश्वत्थाम्यानें नारायणास्त्र सोडलें, तेव्हां श्रीकृष्णांनीं सर्वांस शस्त्रें टाकून रथांखालीं उतरावयास सांगितलें. कारण जो प्रतिकार करील त्याच्यावरच तें अस्त्र अधिक चवताळत असे. एकटा भीम ऐकेना. अखेर कृष्णार्जुनांनीं त्याला ओढून खालीं घेतलें व त्याचीं शस्त्रें काढविलीं, म्हणून तो वांचला. एकाच पर्वांत एकजण शस्त्र ठेवल्यामुळें मेला आणि दुसरा शस्त्र ठेवल्यामुळें जगला! फरक इतकाच कीं, भीमाच्या शेजारीं त्या क्षणीं दोघे होते.

आमच्या सूनबाईंस हें पुराण पुरतें मान्य नाहीं, व त्यांच्या म्हणण्यांत तथ्य आहे. डाव अर्ध्यावर सोडतां येत नाहीं. सोडला तर बाकीच्या चौघांचें नुकसान होतें आणि सोडणाऱ्यास दंड म्हणून पुढचे डाव तशाच पळपुट्यांच्या संगतींत खेळावे लागतात. त्यामुळें इकडे पानें वाढलेलीं आणि तिकडे चिरंजीव “आई, दहाच मिनिटं” म्हणून खिळलेले, असा प्रसंग नित्याचा झाला होता. शेवटीं घरांत ठराव झाला: संध्याकाळीं साडेसातनंतर नवा डाव मांडावयाचा नाहीं, आणि त्यापूर्वीं मांडलेल्या डावांतून कोणीं हांक मारून उठवावयाचें नाहीं. दोन्ही पक्ष तो पाळतात. पैसे लावून खेळावयाचे खेळ ही सर्वस्वी निराळी जात आहे. २०२५ सालीं आपल्या संसदेनें कायदा करून अशा ऑनलाइन खेळांस बंदी केली आणि ई-क्रीडांस त्यांपासून वेगळें काढलें, हें पालकांनीं ध्यानांत ठेवण्यासारखें आहे.

परंतु नियम खेळापुरता राहिला असता तर मीं हा लेख लिहिला नसता. बारा वर्षांपूर्वीं, निवृत्तीस चार वर्षें असतां, माझा आवाज गेला. स्वररज्जूंवर गांठी आल्या होत्या. डॉक्टरांनीं तीन आठवडे पूर्ण मौन व पुढें कित्येक महिने हळू बोलणें सांगितलें. साठ मुलांच्या वर्गावर आवाज हेंच ज्याचें भांडवल, त्या मास्तरास ही शिक्षा केवढी असेल! आमच्या संस्थेंतील एका अधिकारी गृहस्थांनीं मला वर्ग सोडून ग्रंथालयांत बसण्याचा सल्ला दिला. मीं पाटीवर लिहून उत्तर दिलें कीं, नववीचा संस्कृतचा वर्ग माझ्याकडेच राहूं द्यावा. तीन आठवडे संपतांच मी वर्गावर गेलों. फळ्यावर मी पदच्छेद करीं, एखादें पद मुद्दाम गाळीं, आणि मुलें तें भरीत. अनुष्टुभ् छंद मीं टेबलावर पट्टी वाजवून शिकविला. लघूला एक ठोका, गुरूला दोन. वाचनाचें काम मागच्या बाकावरील एका मुलाकडे गेलें. त्याचा कंठ खणखणीत होता. वर्षअखेरीस तोच पाठांतराच्या स्पर्धेंत उभा राहिला. आवाज पुढें परत आला, पण पहिला नव्हे. पट्टीचे ठोके मात्र मीं शेवटच्या दिवसापर्यंत सोडले नाहींत.

ही हकीकत ऐकून नातू म्हणाला, “आजोबा, लोक म्हणतील तुम्हाला ‘सायलेन्स’ लागला. पण खरं म्हणजे तो ‘डिसआर्म’ होता. मास्तरांचा आवाज म्हणजे त्यांचा रोजचा हात. तुमच्या विद्या चालूच होत्या.” हें वर्गीकरण मला पटलें.

तें पटलें त्याला आणखी एक कारण होतें. आमच्या घरीं अकरा माणसें एका चुलीवर जेवतात. त्यांतील माझा धाकटा मुलगा अठरा वर्षें संगणकाच्या व्यवसायांत होता. गेल्या वर्षीं त्याच्या कंपनीनें पुष्कळांबरोबर त्यालाहि एका दिवसांत घरीं पाठविलें. काम वाईट केलें म्हणून नव्हे. जागाच काढून टाकली. चाळिशी ओलांडलेला पुरुष सकाळीं नऊ वाजतां घरांत बसलेला दिसणें, ही गोष्ट आपल्या घरांस अजून पेलत नाहीं. तो हिंडत होता, बोलत होता, अर्ज करीत होता. त्याची बुद्धि, त्याची सचोटी, मुलांना गणित समजावून देण्याची त्याची हातोटी, सर्व जागच्या जागीं होतें. जें थांबलें तें दरमहाचें वेतन. आणि आपल्या समाजांत पुरुषाचा मूळ प्रहार तोच धरला जातो.

त्या दिवसांत मीं पुतण्याच्या मुलीस विचारलें, “तुमच्या खेळांत आपला कर्ता निःशस्त्र झाला म्हणजे बाकीचे काय करतात?” ती नेहमीं पांचव्या क्रमांकाचा, सर्वांत निर्धन अशा साहाय्यकाचा वीर खेळते. ती म्हणाली, “वाईट टीम असेल तर सगळे ओरडतात, ‘मार ना, मारत का नाहीस?’ त्याला मारताच येत नसतं, आजोबा! मग तो गोंधळतो आणि मरतो. मी आधी त्याच्या आणि शत्रूच्या मधे जाऊन उभी राहते. चार सेकंदच तर काढायचे असतात.”

पुढच्याच महिन्यांत नात्यांतल्या एका मुंजीस आम्ही सर्व गेलों होतों. पंगतींत एका आप्तानें मोठ्यानें विचारलें, “काय मग, सध्यां काय चाललं आहे? अजून घरींच का?” चारी बाजूंच्या माना वळल्या. मुलगा कांहीं बोलणार तोंच ही मुलगी ताटामधून वाट काढीत आली आणि म्हणाली, “काका, वाढायला माणूस कमी पडतंय, तुम्ही चला ना.” तो उठला. तासभर तो भात वाढीत होता, आणि कोणीं त्याला दुसरें कांहीं विचारलें नाहीं. घरींहि थोरल्या मुलानें व पुतण्यानें बोभाटा न करतां त्याच्या घरकर्जाचे हप्ते आपसांत वांटून घेतले; कोणीं किती दिले हें मला आजवर ठाऊक नाहीं. आमच्या मंडळींनीं एवढेंच केलें कीं, बाजाराची पिशवी त्याच्या हातीं दिली नाहीं. “रिकामा आहेस म्हणून” हे शब्द त्याच्या कानीं पडूं नयेत, असा त्यांचा कटाक्ष होता.

आज तो एका महाविद्यालयांत तासिकांवर शिकवितो. वेतन पूर्वीच्या निम्म्याहून कमी. कायमची जागा मिळेल न मिळेल. खेळांत आणि संसारांत हा मोठाच भेद आहे. तेथें निःशस्त्राच्या डोक्यावर काळ मोजणारी एक पट्टी दिसते. किती क्षण उरले हें त्याला कळतें, म्हणून तो धीर धरूं शकतो. येथें ती पट्टी कोणालाच दिसत नाहीं. चार सेकंद कीं चार वर्षें, हें सांगणारा कोणी नाहीं. म्हणूनच खेळांतल्या मित्रांपेक्षां घरांतल्या माणसांवर अधिक भार पडतो. त्यांना अवधि ठाऊक नसतांना मधें उभें राहावयाचें असतें.

एकत्र कुटुंबाविरुद्ध पुष्कळ बोललें जातें व त्यांतलें बरेंचसें खरें आहे. त्यांत कर्त्याला मान अधिक व इतरांस कमी, हा दोष तर जुनाच. परंतु कर्तेपण एका माणसावर कायमचें शिक्का मारून ठेवण्याची कांहीं आवश्यकता नाहीं. आज ज्याचा हात चालत नाहीं त्याच्यापाशीं दुसरें काय शाबूत आहे हें पाहणें, आणि तोंवर त्याच्यावर येणारे प्रश्न आपण अंगावर घेणें, इतकें घरांतल्या लहानथोरांस साधण्यासारखें आहे. आमच्या घरीं तें प्रथम एका सतरा वर्षांच्या मुलीस सुचलें. तिला तें कोठें शिकावयास मिळालें, हें मला दोन वर्षांच्या अध्ययनानंतर सांगतां येतें. आणि म्हणून साडेसातच्या आंत तिचा डाव चालू असला म्हणजे मी तिच्या खोलीचें दार हळूच ओढून घेतों.